खयची?

गेल्या वर्षीच्या श्रावणातली गोष्ट. रात्रीचे साडेआठ होऊन गेले होते. बाबांचं जेवण आटोपलं होतं आणि मी त्यांच्या गोळ्यांचा डबा घेऊन खोलीत आले. ते नेहमीसारखे पलंगावर भिंतीला पाठ टेकून बसले होते, मान जराशी डावीकडे वळवून. बाबांच्या दोन्ही डोळ्यांच्या पडद्याचा मधला भाग निकामी झालाय. समोर धरलेलं दिसत नाही, कडेचं दिसतं. त्यामुळे नवख्या माणसाला वाटतं की हे आपल्याशी बोलताना आपल्याकडे बघतच नाहीत. पण त्यांना नीट बघायचं असतं तेव्हाच ते नजर बाजूला नेतात. त्या रात्री समोरच्या भिंतीवर, ट्यूबलाइटच्या पट्टीपाशी काहीतरी हललं असावं. "कोण आसा गो थय?" त्यांनी विचारलं. मी वर पाहिलं आणि म्हटलं, "कोणी नाही बाबा, पाल आहे." ते क्षणभर थांबले. मग म्हणाले, "खयची पाल?"

मी म्हटलं, पाल म्हणजे पाल. आणि गोळ्या त्यांच्या तळहातावर ठेवल्या.

मच्छरदाणी लावून झाली, दिवा मालवला, तरी तो प्रश्न माझ्याबरोबर स्वयंपाकघरात आला. माणसाला ‘कोण’ आणि बाकीच्या सगळ्याला ‘काय’, ही वाटणी आपण न शिकवताच शिकतो. भिंतीवर हललेल्या त्या सावलीला बाबांनी ‘कोण’ म्हटलं होतं आणि मी ‘कोणी नाही’ म्हणून ती भिंत रिकामी करून टाकली होती. शिवाय मालवणीतल्या ‘खयची’ या शब्दात दोन प्रश्न एकत्र नांदतात. कुठल्या प्रकारची, हा एक. आणि कुठून आलेली, हा दुसरा. आंब्याच्या पेटीबद्दलही तसंच विचारतात आणि वाडीत आलेल्या नव्या सुनेबद्दलही. मला दोन्हींची उत्तरं येत नव्हती. ती पाल निदान दोन पावसाळे आमच्या घरात, त्याच ट्यूबलाइटमागे राहत होती.

बाबांचं घर कुडाळपासून आत, कौलारू. पुण्यात पोस्टात नोकरी लागली म्हणून ते गावाबाहेर पडले, पण मे महिन्यात आम्हाला घेऊन ते तिथेच जायचे आणि गेल्या गेल्या माणूस बदलायचा. पुण्यात कमी बोलणारे बाबा तिथे चालता चालता सगळ्याची नावं घेत. माझ्या आठवणीत ते घर आधी आवाजांनी येतं. रात्री पडवीत झोपल्यावर वाशांमधून चक्-चक्-चक्-चक् असा कोरडा, ठाशीव आवाज यायचा. एकीने सुरुवात केली की माजघरातली दुसरी उत्तर द्यायची. बाबा अंधारातच सांगत, "ही दारावयली. ही देवखोलीतली." मला तेव्हा वाटायचं ते आम्हाला झोप यावी म्हणून काहीतरी रचून सांगतात. आता कळतं, की एवढ्या मोठ्याने बोलणारी पाल ही आपल्याकडच्या घरपालींपैकी एक वेगळी जात आहे. अंगाने लहान, पाठ बहुतेक गुळगुळीत, पण शेपटीवर बारीक काट्यांची वळी असतात. नर आपली जागा आवाजाने राखतो. म्हणजे दारावरची आणि देवखोलीतली हे खरोखरच दोन शेजारी होते आणि बाबा त्यांना आवाजावरून ओळखत होते.

खळ्याच्या पलीकडे चिऱ्यांचा गडगा होता, दगड रचून केलेली कुंपणाची भिंत. तो सरड्यांचा. सकाळी ऊन चढायच्या आधी ते जवळजवळ काळपट होऊन दगडावर पसरलेले असत, अंग तापलं की फिके पडत. पावसाच्या तोंडावर नरांचं डोकं आणि गळा लालभडक व्हायचा आणि ते पुढच्या पायांवर उठबशा काढल्यासारखे वरखाली होत. वाडीतली मुलं म्हणायची, तो लांबून आपलं रक्त पितो, म्हणून तर गळा लाल होतो. बेंबीवर हात ठेवून आम्ही गडग्यासमोरून पळायचो. मोठी मुलं गवताच्या लांब काडीला फास करून तो सरड्याच्या गळ्यात अडकवत आणि त्याला हवेत फिरवत. एका दुपारी माझ्या हातातही ती काडी दिली गेली. मी ती फिरवली नाही, पण फेकूनही दिली नाही. सरडा लोंबकळत होता आणि मी बघत होते. बाबांनी पाणंदीतून येताना ते पाहिलं. ओरडले नाहीत. फास सोडवला, सरड्याला तळहातावर घेतलं आणि मला जवळ बोलावून त्याचा कान दाखवला. डोळ्यामागे एक गोल पडदा आणि त्याच्या वर दोन बारके काटे. पापणी दाखवली, खालून वर मिटणारी. पाठीवरून शेपटीकडे बोट फिरवायला लावलं, मग उलट. उलट फिरवताना खवल्यांची टोकं बोटाला टोचली. "पालीची शेपटी तुटली तर परत येता," ते म्हणाले, "हेची येणा नाय." मग तो सरडा गडग्यावर ठेवला. तो बराच वेळ तिथेच बसून राहिला, तोंड उघडं टाकून.

ती एक गोष्ट मी विसरले नव्हते. सरड्याला पापणी असते आणि पालीला नसते. मात्र ती माहिती कशासाठी होती, हे मी पुढची चाळीस वर्षं विसरले.

सुपारीच्या बागेत एक तिसरंच प्रकरण असायचं. बाबा आम्हाला खोडाला पाठ लावून उभं करत आणि गप्प राहायला सांगत. दहा मिनिटं काहीही नाही. नुसता पाटाचा आवाज, शेवाळाचा ओला वास, मानेवर डास. मग समोरच्या पोफळीच्या खोडावर सालीचाच एक तुकडा किंचित सरके आणि त्याच्या गळ्याखालून पिवळी जीभ बाहेर आल्यासारखं काहीतरी लवलवे, दोनदा, तीनदा. जीभ नव्हती ती, गळ्याचा पडदा होता. उडता सरडा. वाढलेल्या फासळ्यांवर ताणलेलं कातडं तो छत्रीसारखं उघडतो आणि एका पोफळीवरून दुसरीवर तरंगत जातो. पंख मारत नाही, वरून खाली घसरतो, आणि टेकायच्या क्षणी अंग वर उचलून खोडाला चिकटतो. आयुष्य झाडावरच जातं. मादी तेवढी अंडी घालायला जमिनीवर उतरते. मी तो उडताना एकूण दोनदा पाहिला. दोन्ही वेळा बाबांचा हात माझ्या खांद्यावर होता आणि मला सरड्यापेक्षा त्या हाताचा दाब जास्त आठवतो. उडायच्या आधी तो दाब वाढायचा. त्यांना आधी कळायचं.

तर, श्रावणातल्या त्या रात्रीनंतर मी फोन घेऊन भिंतींचे फोटो काढायला लागले. दिवा लागला की ट्यूबलाइटभोवती जमणाऱ्या पालींपैकी आमच्या खोलीतली ती अंगाने भरलेली, जवळजवळ बोटाएवढी जाड होती. पाठ गुळगुळीत. रात्री उजेडात ती इतकी फिकी दिसायची की आतलं गुलाबी मांस जाणवावं. दिवसा फ्रेममागे दिसली तर मातकट. एकदा ती खिडकीच्या काचेवर बाहेरून बसली आणि मला तिचं पोट दिसलं, हळदीचा हात लागल्यासारखं पिवळसर. पिवळ्या पोटाची घरपाल. हिचा आवाज मी वर्षभरात दोनतीनदाच ऐकला असेल, तोही बारीक. गावच्या वाशांमधली ती ही नव्हेच. जिन्यात मीटरच्या पेटीजवळ राहणारी वेगळी निघाली. लहानखुरी, पाठीवर गडद ठिपके आणि पुरळ उठल्यासारख्या खरबरीत पुटकुळ्यांच्या ओळी. खालच्या शिरीषाच्या खोडावर आणखी एक, चपटी, तिच्या पाठीवर सालीच्या भेगांसारखे नागमोडी पट्टे. ती झाडपाल. हात लावायच्या अंतरावर असूनही मला ती तिसऱ्या दिवशी दिसली. एका इमारतीत तीन जाती. घराचा हप्ता फेडताना पंधरा वर्षं मी ज्या जिन्याने चढउतार केली त्या जिन्यात.

काचेवर बाहेरून बसलेली पाल ही आतल्या माणसाला मिळालेली फार मोठी संधी आहे. बोटांच्या टोकांशी गाद्या दिसतात आणि प्रत्येक गादीवर आडव्या पट्ट्या, एखाद्या नव्या वहीच्या पानांसारख्या. लहानपणी बाबांनी सांगितलं होतं की पालीच्या पायाला डिंक असतो. डिंकही नसतो आणि हवा ओढून धरणंही नसतं. त्या पट्ट्यांवर डोळ्यांना न दिसणारे केस असतात आणि प्रत्येक केसाचं टोक शेकडो फाट्यांत विभागलेलं असतं. ईशान्य भारतात सापडणाऱ्या टोके नावाच्या मोठ्या पालीच्या एका पायावर असे सुमारे ५ लाख केस मोजलेत. ते टोक भिंतीच्या इतक्या जवळ जातं की पदार्थाच्या कणाकणांमध्ये जी अगदी क्षीण ओढ असते तीच पुरेशी होते. २००२ साली हे प्रयोगाने दाखवलं गेलं. म्हणजे पाल भिंतीला कशानेही चिकटलेली नसते. ती भिंतीच्या इतकी जवळ असते, की भिंत तिला सोडत नाही. बाबांना मी हे समजावून सांगितलं तेव्हा त्यांनी दोन्ही तळहात एकमेकांवर दाबून धरले आणि हळूहळू वेगळे केले. बराच वेळ ते तसंच करत राहिले.

तिचे डोळे मात्र बघायला मला धीर करावा लागला. उजेडात बाहुली उभ्या रेघेएवढी बारीक होते. पापणी नाही, तर एक पारदर्शक आवरण डोळ्यावर कायमचं बसवलेलं असतं; त्यावर धूळ बसली की ती जिभेने पुसते. फोन जवळ नेला, तेव्हा तिने आधी डावा डोळा पुसला, मग उजवा. ती कुठेच गेली नाही.

आता जे सांगायचं आहे ते लांबवून उपयोग नाही.

भाद्रपद लागला होता. गणपतीच्या आधीचा रविवार, रात्रभर पाऊस पडून गेलेला. खाली पार्किंगमध्ये मी स्कूटर काढत होते आणि कुंड्यांच्या रांगेतून एक तपकिरी, चकचकीत, लांब काहीतरी सळसळत चाकाखालून गेलं. मी ओरडले, "साप!" शब्द विचारापेक्षा आधी बाहेर पडला. रखवालदार काठी घेऊन धावला, वरून दोघं जण उतरले, कुणीतरी मुलांना मागे ओढलं. पहिला फटका शेपटीवर बसला. शेपटी तुटून वेगळी झाली आणि फरशीवर एकटीच वळवळायला लागली, सगळे तिच्याकडे बघत राहिले. शेपटी त्यासाठीच तर तुटते. तेवढ्या वेळात बाकीचं अंग कुंडीमागे गेलं होतं आणि ते वाचलंही असतं. पण मीच म्हणाले, "तिकडे गेला, तुळशीच्या कुंडीमागे."

झाल्यावर मी जवळ गेले. चार पाय होते. लहान, पण व्यवस्थित, बोटांसकट, नखांसकट. डोक्याच्या बाजूला कानाचं भोक होतं. बाजूने गेलेली पिवळट रेघ होती, पाठीवरचे खवले तेल लावल्यासारखे तुळतुळीत. सापसुरळी. सापाची मावशी, असं लहानपणी आम्हीच म्हणायचो. विष नाही, कुणाला त्रास नाही, कुंड्यांमधले किडे खाऊन तिथेच राहणारी. आणि तिचे डोळे अर्धवट मिटलेले होते. सापाचे डोळे मिटत नाहीत, मेल्यावरही नाही. त्याला मिटायला पापणीच नसते. त्या मिटलेल्या पापण्यांकडे बघताना मला गडग्यावरची दुपार आठवली, बाबांच्या तळहातावरचा सरडा आणि त्यांचं बोट. ज्या एका गोष्टीवरून ती वाचली असती ती मला येत होती. तिथे जमलेल्यांत ती येणारी बहुधा मी एकटीच होते. रखवालदाराला मी दोष देऊ शकत नाही. तो आमच्यासाठी धावला होता, आणि साप असता तर काठीच्या अंतरावर तोच होता. वर आल्यावर बाबांनी विचारलं, "काय झाला गो? आवाज कसलो?" मी म्हटलं, "काही नाही."

चार दिवसांनी मी त्यांना खरं सांगितलं. ते बराच वेळ बोलले नाहीत. मग एवढंच म्हणाले, "साप डोळे मिटणा नाय." ते मला सांगत होते की स्वतःशी बोलत होते, ते मला अजून ठरवता आलेलं नाही.

त्यानंतर मी जे काही शिकले ते त्या अपराधी भावनेतून शिकले, हे मान्य करायला हवं. निसर्गप्रेम वगैरे शब्द मला स्वतःबद्दल वापरवत नाहीत. आधी डोळे बघायचे, पापणी आहे का. मग कातडी: मऊ आणि निस्तेज असेल तर पाल, खडबडीत आणि टोचरी असेल तर सरडा, तुळतुळीत आणि ओल्यासारखी असेल तर सापसुरळी. मग पाय. सापसुरळ्यांमध्येही एक बारकी, सडपातळ, ठिपक्याठिपक्यांची जात आहे, तिच्या पिल्लांची शेपटी लालभडक असते, आणि तिचे पाय इतके आखूड की पळताना ती अंगच सापासारखं वळवते. ती लाल शेपटी बघून किती पिल्लं मारली जात असतील. विषारी असणार, एवढा लाल रंग उगीच असतो का! खरं तर तो रंग बघणाऱ्याचं लक्ष डोक्यावरून शेपटीकडे नेतो. शेपटी गेली तर परत येते. आणि माळरानावर, दगडांखाली राहणारी एक जाड शेपटीची, पट्ट्यापट्ट्यांची पाल आहे, बिबट्यासारख्या अंगाची. तिला, पाल असूनही, पापण्या असतात. ती बिचारी संथ चालते, अंग उचलून बघते, आणि लोक समजतात की ही चावली तर माणूस जागेवर जातो. आपल्या देशातल्या एकाही पालीला, सरड्याला, सापसुरळीला विष नाही. हे वाक्य मी आता ओळखीच्या प्रत्येकाला ऐकवते, अगदी लग्नाच्या पंगतीतसुद्धा.

आईला हे पटलं नसतं. आई पालीला घाबरायची, आणि ती भीती तिने नीट सांभाळली होती. पंचांगात पल्लीपतनाचं पान असतं, पाल अंगाच्या कुठल्या भागावर पडली तर काय फळ. ते पान आमच्या घरी दुमडलेलं असायचं. एकदा पाल माझ्या उजव्या खांद्यावर पडली आणि आईने ऐन थंडीत मला डोक्यावरून आंघोळ घातली, मग पान काढून बघितलं, आणि मग तिचा चेहरा सैल झाला. काय फळ होतं ते तिने सांगितलं नाही. बोलता बोलता पाल चुकचुकली की ती बोटाने जमिनीवर टकटक करायची आणि म्हणायची, सत्य आहे. मला गंमत वाटते ती आपल्या भाषेची. तोच आवाज भिंतीवर खरेपणाची साक्ष देतो आणि मनात झाला की शंका होतो. मनात पाल चुकचुकली, असं आपण म्हणतो. सरड्याची धाव कुंपणापर्यंत, रंग बदलणारा सरडा, घोरपडीसारखा चिकटून बसलेला माणूस. म्हणी आपण या प्राण्यांवर उदंड केल्या, पण कुंपणावरचा तो सरडा कुठला, हे विचारायचं राहून गेलं.

घोरपडीचा विषय निघाला की बाबा घुमटावर येतात. त्यांचं आजोळ पेडण्याचं. गणपतीत आरतीला मातीच्या मडक्याचं घुमट वाजायचं आणि त्याच्या तोंडावर घोरपडीचं कातडं ताणलेलं असायचं. बाबा म्हणतात तसा आवाज पुन्हा ऐकला नाही. वन्यजीव संरक्षण कायदा १९७२ चा, त्यात घोरपडीला सर्वांत वरचं संरक्षण आहे. आता घुमटाला बकऱ्याचं कातडं लावतात, आणि २०१९ मध्ये गोव्याने घुमटाला राज्याचं वारसा वाद्य म्हणून मान्यता दिली. मी बाबांना विचारलं, त्या आवाजाची आठवण येते तेव्हा घोरपडीचं वाईट वाटतं का. ते म्हणाले, दोन्ही वाटतं. त्यांनी एकही दुसऱ्याखाली दडपलं नाही.

या मे महिन्यात साताऱ्याला भाचीकडे गेले होते, तेव्हा तिने मला चाळकेवाडीच्या पठारावर नेलं. सडा उन्हाने भाजून निघालेला, पवनचक्क्यांचा घुंई घुंई आवाज, वाळलेल्या गवतात पाय टाकला की नाकतोडे उडत होते. मला आधी काहीच दिसलं नाही. मग बोटभर लांबीचा एक मातकट सरडा वीतभर दगडावर चढला, अंग उंच केलं आणि गळ्याखालचा पंखा उघडला. निळा, काळा, नारिंगी. इतका निळा की त्या करपलेल्या माळावर तो खोटा वाटावा. उघडला, मिटला, मान फिरवली, पुन्हा उघडला. दहा पावलांवर दुसऱ्या दगडावर दुसरा. मादीसाठी आणि एकमेकांना बजावण्यासाठी हे सगळं, पाऊस यायच्या आत. या सरड्यांना बराच काळ दुसऱ्याच गटात धरलं जायचं. २०१६ साली संशोधकांनी त्यांचा वेगळा गट केला आणि त्याला शास्त्रीय नाव दिलं ते आपलंच: सरडा. चाळकेवाडीचा हा ‘सरडा सुपर्बा’. लॅटिन नावांच्या त्या जगभरच्या यादीत आपल्या गडग्यावरचा शब्द जाऊन बसलाय, हे कळल्यावर मी भाचीचा हात घट्ट धरला. याच पठारावर आणखी एक अभ्यास झाला आहे. पवनचक्क्यांच्या जवळ शिकारी पक्षी जवळजवळ चौपटीने कमी आढळले, तिथे सरडे संख्येने वाढले, माणसाला जास्त जवळ येऊ द्यायला लागले, त्यांच्या रक्तातलं भीतीचं रसायन कमी झालं. पण ते अंगाने बारीक होते आणि त्यांचे रंगही फिके पडले होते. एका नराच्या अगदी जवळ मी बसले, तो गेला नाही. मला आधी आनंद झाला आणि मग वर फिरणारी पाती दिसली.

घरी आल्यावर बाबांना सगळं सांगितलं. निळा कसला, त्यांनी विचारलं. मोरपंखासारखा का शाईसारखा? मी म्हटलं, मोरपंखाच्या डोळ्याच्या कडेचा. त्यांनी मान हलवली, त्यांना दिसला.

पाडव्याच्या आधी घर झाडताना आईचा फोटो भिंतीवरून काढला होता. चंदनाचा हार बाजूला ठेवला, फ्रेम उलटी केली, तर मागच्या पुठ्ठ्याच्या कोपऱ्यात दोन पांढरी अंडी. हरभऱ्याच्या दाण्याहून थोडी मोठी, एकमेकांना चिकटलेली, वरून कडक. पाल एका वेळी दोनच घालते. मी कापड हातात घेऊन उभी राहिले. आई पालीचं नाव घेतलं तरी पाय वर घ्यायची, आणि तिच्याच पाठीमागे हे. मग फ्रेम होती तशी हळूच खिळ्याला लावली, कोपऱ्यातली धूळसुद्धा पुसली नाही, आणि बाबांना सांगितलं. ते हसले, गेल्या कित्येक महिन्यांत हसले नव्हते तसे, आणि मग आवाज खाली आणून म्हणाले, "तिका सांगू नको हां."

साताऱ्याहून परतल्याला आठवडा झाला होता. वळवाचा पाऊस पडून गेला होता, खिडकीतून मातीचा वास आणि पाखरांचे थवे एकदमच आत येत होते. गोळ्या द्यायला गेले तर आईच्या फोटोच्या खालच्या कडेपाशी एक पिल्लू होतं. करंगळीच्या दोन पेरांएवढं, शेपटी धरून. अंग इतकं पातळ की आतला काळा ठिपका दिसावा, डोकं अंगाच्या मानाने मोठं. एक पाऊल भिंतीवर ठेवून थांबलं, मग दुसरं. मी जागेवरच उभी राहिले. बाबांना माझी हालचाल थांबल्याचं जाणवलं असावं.

"कोण आसा गो?"

"पिल्लू आहे बाबा. पिवळ्या पोटाच्या घरपालीचं. आजच बाहेर आलंय बहुतेक."

"खयचा?"

"इथलंच. आईच्या फोटोमागचं."

ते काही बोलले नाहीत. गोळ्यांसाठी पुढे केलेला हात तसाच ठेवून त्यांनी मान डावीकडे वळवली, पार खिडकीकडे, फोटोकडे बघतच नाहीत असं वाटावं इतकी, आणि डोळ्यांच्या कडेने भिंतीवर शोधायला लागले.